‘वडिलांचा व्यवसाय’ या रकान्यात काय लिहावे?

प्रश्न : मी ४७ वर्षांचा असून ठाण्यात वर्तकनगरला राहतो. एकांकिका स्पर्धांतून पुढे येऊन गेली २१ वर्षे मालिका, चित्रपट आणि जाहिराती यांत लहान भूमिका करीत आहे. इन्स्पेक्टर, डॉक्टर, वधूपिता, बँकेचा मॅनेजर अशी माझी कामे. लोकांना चेहरा ओळखीचा वाटतो, नाव कोणालाच ठाऊक नसते. पत्नी सहकारी बँकेत नोकरीला आहे आणि घर खरे तर तिच्याच पगारावर चालते. गेल्या वर्षभरात मला दिवसाला ४ हजार रुपये दराने ५८ दिवस काम मिळाले. त्यांपैकी ११ दिवसांचे पैसे एका निर्मात्याकडे सात महिन्यांपासून अडकले आहेत. वागळे इस्टेटमध्ये माझ्या शाळेतल्या मित्राचा इलेक्ट्रिक पॅनेल बनवण्याचा कारखाना आहे. तिथले स्टोअर आणि डिस्पॅच सांभाळायला तो मला बोलावतो आहे. दरमहा ३२ हजार रुपये, आठवड्याचे सहा दिवस. पत्नी ‘तुम्हाला योग्य वाटेल ते करा’ एवढेच म्हणते. मुलीने यंदा महाविद्यालयाच्या अर्जात ‘वडिलांचा व्यवसाय’ या रकान्यात ‘खासगी नोकरी’ असे लिहिलेले मी पाहिले. तेव्हापासून नीट झोप लागत नाही. मी अभिनय सोडावा का? २१ वर्षे वाया गेली असे समजावे का?
(एक ठाणेकर नट)

उत्तर :

सप्रेम नमस्कार.

तुमच्या पत्रात दोन वेगवेगळे प्रश्न आहेत आणि ते एकात एक गुंतल्यामुळे दोन्ही अवघड होऊन बसले आहेत. मित्राकडची नोकरी धरावी की नाही, हा पहिला प्रश्न जमाखर्चाचा आहे आणि त्याला बऱ्यापैकी सरळ उत्तर देता येते. दुसरा प्रश्न मुलीच्या अक्षरातल्या दोन शब्दांनी उभा केला आहे आणि तो नोकरी धरल्याने सुटणार नाही, न धरल्यानेही सुटणार नाही. मी स्वतः नोकरी सांभाळून बरीच वर्षे नाटकांत आणि काही काळ मालिकांत तुमच्यासारखीच कामे केली आहेत, त्यामुळे या बाबतीत तटस्थ असल्याचा आव मी आणत नाही.

आधी जमाखर्च पाहू. ५८ दिवसांचे ४ हजारांप्रमाणे २ लाख ३२ हजार रुपये होतात. अडकलेले ४४ हजार वजा केले तर १ लाख ८८ हजार उरतात. त्यातून मुळातच कापला जाणारा १० टक्के कर काढला की हातात आलेली रक्कम १ लाख ६९ हजारांच्या आसपास असणार, आणि ज्या कामांत काम मिळवून देणारा कोऑर्डिनेटर मध्ये होता तिथे त्याचे कमिशन वेगळे गेले असेल. कारखान्याचे वर्षाचे ३ लाख ८४ हजार होतात. हे आकडे तुम्ही मनातल्या मनात शंभरदा मांडले असतील, पण मला त्यांत एक वेगळीच संख्या दिसते. वर्षाच्या ३६५ दिवसांतून ५८ दिवस वजा केले की ३०७ उरतात. अभिनय तुम्ही ५८ दिवस केलात आणि ३०७ दिवस फोनची वाट पाहिलीत. तुम्हाला थकवले आहे ते या ३०७ दिवसांनी, आणि पत्रात मात्र सोडायची भाषा तुम्ही त्या ५८ दिवसांबद्दल करीत आहात.

ही वाट पाहण्याची सवय तुम्हाला आळसामुळे लागलेली नाही, धंद्याच्या रीतीनेच ती लावली आहे. रात्री साडेदहाला निरोप येतो की उद्या सकाळी सातचा कॉल आहे, लोकेशन घोडबंदर रोड, कपडे स्वतःचे आणा, दोन फॉर्मल शर्ट ठेवा. हे निदान वर्तकनगरहून तासाभरात गाठता येते. मढला सेट असेल तर पहाटे पाचला घर सोडावे लागते. तिथे पोहोचल्यावर संवादांची पाने अजून आलेली नसतात, मुख्य कलाकारांचे प्रसंग आधी उरकले जातात आणि तुमचा एकुलता एक प्रसंग १२ तासांच्या शिफ्टच्या शेवटच्या तासात लागतो किंवा लागतही नाही. दहा दिवसांचा म्हणून सांगितलेला ट्रॅक, म्हणजे तुमच्या पात्राचा कथाभाग, चौथ्या दिवशी आटोपतो, कारण चॅनलच्या क्रिएटिव्ह मंडळींना कथेला वेगळे वळण हवे असते. मालिकेतला काका एकदा गावाला गेला की परत येत नाही, हे तुम्हाला मी सांगायला नको. अशा धंद्यात ‘डेट्स मोकळ्या ठेवा’ असे सांगणारा माणूस त्या मोकळ्या ठेवलेल्या दिवसांचे पैसे देत नाही. पंचविसाव्या वर्षी तो खर्च परवडतो, कारण तेव्हा तो आईवडील भरत असतात. आता तो तुमची पत्नी भरते आहे.

म्हणून नोकरी धरावी, असे माझे स्पष्ट मत आहे. परंतु ती आज ज्या स्वरूपात पुढे आली आहे, तशीच्या तशी धरू नये. होकार देण्याआधी मित्राशी एकदा नीट बसून बोला आणि वर्षाला ३० दिवसांची बिनपगारी रजा मागा. दोन दिवस आधी कळवून घ्यायची, आणि मोठा माल बाहेर पडायचा असेल त्या दिवसांत न घ्यायची. त्याचा हिशेब त्याच्यासमोर मांडण्याइतका सोपा आहे. महिन्याचे २६ कामाचे दिवस धरले तर तुमचा एक दिवस सुमारे १,२३० रुपयांचा पडतो. तो बुडवून तुम्ही ४ हजार मिळवता आणि त्याच्यावर एका पैशाचाही भार पडत नाही. भविष्य निर्वाह निधी कापला जाणार का, हेही त्याच बैठकीत विचारा, कारण २१ वर्षांच्या कामाचा तो तुमच्या नावावर बहुधा शून्य असेल. हे सगळे कागदावर घ्या. शाळूसोबत्याकडे कागद मागायला जीभ रेटत नाही हे मला कळते. तरीपण स्टोअर हे असे खाते आहे की तिथे एखादा खोका कमी भरला की पहिली शंका किल्ली सांभाळणाऱ्यावर येते, आणि मग चाळीस वर्षांच्या मैत्रीपेक्षा आवक-जावकीची वही अधिक उपयोगी पडते.

रजेची अट मान्य झाली तर पुढचा निर्णय तुम्हाला स्वतःशी करावा लागेल आणि तो थोडा दुखेल. दैनंदिन मालिकेतला लांब ट्रॅक यापुढे घ्यायचा नाही. नोकरी आणि मालिका एकत्र बसत नाहीत. ज्यांनी बसवून पाहिले त्यांनी दोन्हीकडे खोटे बोलण्यात वर्षे घालवली. चित्रपट, वेब मालिका आणि जाहिराती यांतले एक-दोन दिवसांचे काम मात्र बसते. त्यांची निवड आता बरीचशी घरून पाठवलेल्या सेल्फ टेपवर होते, आणि ती टेप कारखान्यातून आल्यावर रात्री नऊ वाजता पांढऱ्या भिंतीसमोर उभे राहून करता येते. नाटकाचे प्रयोग शनिवार-रविवारी अधिक असतात. गडकरी रंगायतन १९७८ पासून मासुंदा तलावाच्या काठी उभे आहे आणि घाणेकर नाट्यगृह तर तुमच्या घरापासून जवळच. दौऱ्याचे नाटक नको. मुंबई-ठाण्यापुरते प्रयोग करणारी संस्था शोधा.

एक गोष्ट तुमच्या पत्रात कुठेच आलेली नाही म्हणून सांगतो. नायकाचे वडील, मुख्याध्यापक, सरकारी अधिकारी, घरातला मोठा भाऊ, या भूमिकांचे वय तुम्हाला आता कुठे लागते आहे. तिशीत तुम्हाला मिशा लावून वधूपिता केले गेले असेल. आता केसांनाच हात लावावा लागत नाही. या वयात धंदा पूर्णपणे सोडणे हे आंब्याची बाग मोहोर धरायच्या वर्षी विकण्यासारखे होईल. अर्थात मोहोर येईलच असे नाही, आणि आला तरी टिकेल याची हमी मी देऊ शकत नाही. म्हणूनच नोकरी आधी.

या ठिकाणी लोक तुम्हाला डॉ. श्रीराम लागूंचे उदाहरण देतील, बहुधा दिलेही असेल. ते कान-नाक-घशाचे शल्यचिकित्सक होते आणि १९६९ मध्ये, वयाच्या ४२ व्या वर्षी, पूर्णवेळ रंगभूमीवर आले. त्यातून धाडसाचा धडा काढणारे हे विसरतात की त्यांच्यामागे वैद्यकाची पदवी होती आणि परतीचा रस्ता उघडा होता. तुमच्या परिस्थितीला जवळचे उदाहरण अमरीश पुरी यांचे आहे. १९५० च्या दशकात त्यांची स्क्रीन टेस्ट फसली, ते कर्मचारी राज्य विमा महामंडळात नोकरीला लागले आणि ती नोकरी सांभाळूनच त्यांनी वर्षानुवर्षे नाटके केली. चित्रपटात त्यांचा जम बसला तो चाळिशीनंतर. निळू फुले पुण्याच्या सशस्त्र सेना वैद्यकीय महाविद्यालयात माळीकाम करीत होते. ही दोन नावे मी आशा दाखवण्यासाठी घेतलेली नाहीत. पुढे मोठे झाले म्हणून ती आपल्याला माहीत आहेत. नोकरी करून नाटक करणाऱ्या आणि मोठे न झालेल्या माणसांनी तर ठाण्याची हौशी रंगभूमी भरलेली आहे. सांगायचे ते एवढेच, की नोकरीवर असलेला नट हा अर्धा नट, अशी समजूत आपल्याकडे पूर्वी नव्हती. ती मालिकांच्या काळात, रोज उपलब्ध असणे हीच पात्रता ठरल्यावर आली.

आणि नाव झाल्याने म्हातारपणाची सोय होते असेही नाही. ए. के. हंगल यांनी शिवणकाम केले, पन्नाशी उलटल्यावर चित्रपटांत आले, दोनशेहून अधिक चित्रपट केले, त्यांना २००६ मध्ये पद्मभूषण मिळाले. तरीही अखेरच्या काळात औषधपाण्यासाठी त्यांना इतरांची मदत घ्यावी लागली. आपल्या राज्यात ज्येष्ठ कलावंतांना दरमहा ५ हजार रुपये मानधन देण्याची योजना आहे, तेही उत्पन्नाच्या अटीत बसणाऱ्यांना. तुमच्या पत्नीचा पगार पाहता त्या वाटेकडे डोळे लावून बसू नये.

आता २१ वर्षांबद्दल.

तुम्ही लिहिता की चेहरा ओळखीचा वाटतो आणि नाव ठाऊक नसते. हे तुम्ही तक्रारीच्या सुरात लिहिले आहे. माझ्या मते लहान भूमिकेचे काम नीट झाल्याची ती खूण आहे. डॉक्टर खोलीबाहेर येऊन चष्मा काढतो आणि दोन वाक्ये बोलतो, तेव्हा प्रेक्षकाने त्या माणसाचा विचार करणे अपेक्षितच नसते. आत झोपलेल्या रुग्णाचे काय झाले याची धास्ती त्याला वाटली पाहिजे. ती धास्ती तुमच्या दोन वाक्यांवर उभी असते. डॉक्टर खोटा वाटला की पुढचा अख्खा भाग खोटा पडतो, मग नायिका कितीही रडो. आणि ती रडते तो क्लोज, म्हणजे नुसत्या चेहऱ्याचा शॉट, घेताना कॅमेऱ्याच्या शेजारी उभे राहून तिला क्यू कोण देतो? तुमचा स्वतःचा शॉट केव्हाच झालेला असतो, किंवा त्या चौकटीत तुमचा फक्त खांदा असतो, ज्याला आपण सजेशन म्हणतो. पुष्कळ नट अशा वेळी खुर्चीत जाऊन बसतात आणि सहायक सपाट आवाजात ओळी वाचतो. जो नट उभा राहून त्याच तीव्रतेने ओळ टाकतो, त्याच्यामुळे समोरच्याचा चेहरा हलतो, आणि हे पडद्यावर कोणालाही कळत नाही. तुम्ही कोणत्या प्रकारचे नट आहात हे पत्रावरून मला सांगता येणार नाही. तुम्हाला ते ठाऊक आहे. वाया गेली की नाही याचा निवाडा करायचाच असेल तर तो या कसोटीवर करा.

जगदीश राज यांनी हिंदी चित्रपटांत १४४ वेळा पोलीस इन्स्पेक्टर रंगवला आणि त्याची गिनीज बुकात नोंद झाली. विजू खोटे यांनी मराठी-हिंदी रंगभूमीवर आणि पडद्यावर आयुष्यभर कामे केली, पण १९७५ च्या ‘शोले’मधला कालिया त्यांना अखेरपर्यंत चिकटला आणि तो प्रसंग जेमतेम काही मिनिटांचा आहे. लहान कामाचे मोजमाप असे विचित्र असते. किती वेळ दिसलो याचा आणि किती उरलो याचा फारसा संबंध लागत नाही. मला एकदा इन्स्पेक्टरचा गणवेश दोन मापे लहान मिळाला होता. पोटावरची दोन बटणे लागेनात, म्हणून संपूर्ण प्रसंग मी केसची फाइल पोटाशी घट्ट धरून केला. पॅक अपनंतर दिग्दर्शक म्हणाले की फाइल तशी धरण्याची कल्पना फार बोलकी होती, इन्स्पेक्टर काहीतरी लपवतो आहे असे वाटत राहिले. मी मान डोलावली. आमच्या धंद्यातली कीर्ती बहुतेक वेळा या जातीची असते आणि तिच्यावर रागावण्यात अर्थ नाही.

मात्र तुम्हाला एक कठोर वाटेल असे विचारतो. ही २१ वर्षे तुम्ही लहान भूमिकांची म्हणून मोजली, की न मिळालेल्या मोठ्या भूमिकेच्या आधीची म्हणून मोजली? पत्रातल्या भूमिकांच्या यादीनंतर तुम्ही ‘अशी माझी कामे’ इतकेच लिहून पुढे गेलात. एकाही कामाबद्दल एक वाक्य लिहावेसे तुम्हाला वाटले नाही. एखाद्या सुताराने वीस वर्षांत केलेल्या दरवाजांबद्दल इतक्या घाईने बोलावे, हे मला खटकले.

मुलीच्या अर्जाकडे याच बाजूने पाहा. तिने ‘खासगी नोकरी’ लिहिले याचा अर्थ तिला तुमची लाज वाटते असा तुम्ही लावलात. तसे असेलही. पण सोळा वर्षांच्या मुलीला ‘अभिनेता’ लिहिल्यावर पुढचा प्रश्न कोणता येतो ते माहीत असते: कोणत्या मालिकेत? आणि त्या प्रश्नाला घरात काय उत्तर दिले जाते हे ती लहानपणापासून ऐकत आली आहे. सोसायटीच्या लिफ्टमध्ये, लग्नाच्या पंगतीत, ठाणे स्टेशनच्या पुलावर कोणी ‘सध्या काय चालू आहे?’ असे विचारले की तुम्ही काय म्हणता? मी तर वर्षानुवर्षे ‘एक-दोन बोलणी चालू आहेत’ असे म्हणत आलो आणि माझी मुले शेजारी उभी राहून चप्पल बघत असत. तिने तो पुढचा प्रश्नच टाळला, जसा तुम्ही टाळता. तिला याबद्दल विचारू नका, समजावूही नका. पुढच्या वेळी लिफ्टमध्ये कोणी विचारले तर ‘मागच्या महिन्यात एका चित्रपटात दोन दिवस तहसीलदार होतो, आता कारखान्यात असतो’ असे सरळ सांगा, ती शेजारी असताना.

पत्नीच्या ‘तुम्हाला योग्य वाटेल ते करा’ या वाक्याचा तुम्ही मनाला लावून घेतलेला अर्थ मला बरोबर वाटत नाही. २१ वर्षे ज्या बाईने स्वतःच्या पगारावर घर चालवले तिला मत विचारण्याआधी आकडे दाखवायला हवेत. वर लिहिलेला हिशेब, रजेची अट, मालिका सोडण्याचा निर्णय, हे एका कागदावर मांडून तिच्यासमोर ठेवा. बँकेत काम करणाऱ्या माणसाला रिकाम्या अर्जावर सही करायला सांगितले तर तो असेच काहीतरी म्हणणार.

अडकलेल्या ४४ हजारांबाबत लगेच पाऊल उचला. काम झाल्यावर ९० दिवसांनी पैसे मिळणे ही या धंद्यातली रूढ पद्धत आहे आणि तुमचे सात महिने झाले आहेत, म्हणजे ‘पुढच्या आठवड्यात बघतो’ या उत्तराची मुदत संपली आहे. ईपीला, म्हणजे कार्यकारी निर्मात्याला, फोन करणे थांबवा आणि निर्मिती संस्थेला लेखी पत्र व ईमेल पाठवा. ११ दिवसांच्या तारखा, ठरलेला दर आणि तुम्ही कोणत्या भागांत दिसलात ते त्यात नमूद करा. कॉल टाइमचे व्हॉट्सॲप निरोप जोडा, कारण लेखी करार नसेल तर तेच तुमचे पुरावे आहेत. पंधरा दिवसांत उत्तर आले नाही तर कलाकारांच्या संघटनेकडे, म्हणजे सिंटाकडे, तक्रार नोंदवा. त्यासाठी सभासदत्व चालू असावे लागते. तुमची वर्गणी थकली असेल अशी माझी अटकळ आहे, ती आधी भरा. तक्रार केली तर पुन्हा काम मिळणार नाही ही भीती अगदीच निराधार नाही, हे मी मान्य करतो. परंतु जो पैसेच देत नाही त्याने पुन्हा बोलावले काय नि न बोलावले काय! शिवाय कापलेला १० टक्के कर विवरणपत्र भरून परत मागता येतो का ते एखाद्या कर सल्लागाराकडून पाहून घ्या. एकंदर उत्पन्न पाहता तो मिळायला हवा, पण मुदत टळल्यावर मागणे फार किचकट होते.

शेवटची गोष्ट शोरीलची. सेल्फ टेपसोबत तुमच्या जुन्या कामाची चित्रफीत मागितली जाते आणि मालिका ॲपवरून केव्हा काढल्या जातील याचा नेम नसतो, म्हणून जे सापडते आहे ते आत्ताच गोळा करा. कापायचे आणि जोडायचे काम मुलीला द्या; तिच्या वयाची मुले ते फोनवर तासाभरात करतात, आणि बाहेर दिले तर पैसे पडतात. कोणता प्रसंग ठेवायचा याबद्दल तिचे ऐका, तुमचे आवडते काम तिने कापले तरी वाद घालू नका. लांबी दोन मिनिटांच्या आत ठेवा, कास्टिंगवाले तिसऱ्या मिनिटापर्यंत पोहोचत नाहीत. आणि इन्स्पेक्टर एकच पुरे.